पौलाची पत्रे खरंच पौलाची? बायबलच्या अभ्यासाकडे वळणाऱ्यांसाठी

मराठी साहित्यात एम.ए. करून मी बायबलच्या अभ्यासाकडे वळले, तेव्हा घरीदारी एकच प्रश्न: धर्म बदललास की काय? या क्षेत्रात श्रद्धाळू आहेत, नास्तिक आहेत, ज्यू अभ्यासकही आहेत. वादात चालतो तो भाषेचा, हस्तलिखितांचा आणि इतिहासाचा पुरावा. नामदेवांची गाथा शिकलेल्याला इथे परकं वाटायचं कारण नाही. ‘नामा’ अशी मुद्रा असलेले सगळेच अभंग एका नामदेवांचे नव्हेत, विष्णुदास नाम्याचेही त्यांत मिसळले आहेत, हे आपण वर्गात ऐकलेलं असतं. पौल हा पहिल्या शतकातला ख्रिस्ती धर्मप्रसारक, आणि त्याच्या पत्रांचा पेच त्याच जातीचा आहे.

नवखे बहुधा मोशेच्या पाच ग्रंथांपासून, म्हणजे बायबलच्या पहिल्या पाच पुस्तकांपासून, सुरुवात करतात. माझं मत विचाराल तर ते नंतर करा. तिथले मूळ स्रोत स्वतंत्रपणे हाती नाहीत, तर्काने वेगळे काढावे लागतात, आणि या स्रोतांबद्दलची जर्मन अभ्यासक वेल्हाउझेनची एकोणिसाव्या शतकातली मांडणी आता इतकी मोडली-जोडली गेली आहे की पहिल्या वर्षात डोकं गरगरतं. पौलाच्या बाबतीत पायाखाली जमीन असते. नव्या करारातल्या, म्हणजे बायबलच्या ख्रिस्ती भागातल्या, 13 पत्रांवर त्याचं नाव आहे. त्यांपैकी रोमकरांस, करिंथकरांस पहिलं व दुसरं, गलतीकरांस, फिलिप्पैकरांस, थेस्सलनीकाकरांस पहिलं आणि फिलेमोनाला लिहिलेलं अशी सात पत्रे जवळपास सगळे अभ्यासक त्याचीच मानतात. उरलेल्या सहांना या सातांशी ताडून पाहायचं.

सर्वांत जास्त शंका तीमथ्य आणि तीत यांना लिहिलेल्या तीन ‘पाळकीय’ (मंडळी सांभाळणाऱ्यांसाठीच्या) पत्रांबद्दल आहे. 1807 मध्ये जर्मन धर्मशास्त्रज्ञ श्लायरमाखरने तीमथ्याच्या पहिल्या पत्रावर बोट ठेवलं. 1921 मध्ये हॅरिसन या इंग्रज अभ्यासकाने या तिन्ही पत्रांतले शब्दच मोजले: विशेषनामं सोडून 848 वेगवेगळे शब्द, आणि त्यांतले 306 पौलाच्या नावच्या बाकी दहा पत्रांत कुठेच नाहीत. आकडा ऐकून निकाल लागल्यासारखं वाटतं. पण पत्रे लहान आहेत, विषय वेगळा आहे, आणि त्या काळी पत्रं लेखनिकाकडून लिहवून घेत. रोमकरांस पत्राच्या शेवटी तर्तियस नावाचा लेखनिक मधेच स्वतःचा सलाम सांगून जातो. गलतीकरांस पत्राच्या शेवटी पौल स्वतः लेखणी हाती घेतो आणि आपली अक्षरं किती मोठी आहेत ते दाखवतो. मग शब्दसंपत्ती नेमकी कुणाची मोजायची? मला स्वतःला शब्दांपेक्षा मंडळीचं, म्हणजे ख्रिस्ती समुदायाचं, चित्र जास्त पटतं: पाळकीय पत्रांत अध्यक्ष, वडील, विधवांची यादी अशी बसलेली घडी दिसते, करिंथकरांच्या पत्रांत मात्र सगळा सावळागोंधळ आहे.

हस्तलिखितांत इ.स. 200 च्या सुमाराचा पपायरस 46, म्हणजे पौलाच्या पत्रांचा एक जुना हस्तलिखित संग्रह, आधी बघा. त्याची पानं डब्लिन आणि मिशिगन इथे आहेत. त्यात इब्री लोकांस पत्र थेट रोमकरांच्या मागोमाग येतं, म्हणजे तो संग्रह करणाऱ्याच्या लेखी ते पौलाचंच. त्या पत्रात मात्र लेखकाचं नावच नाही, आणि ते कुणी लिहिलं हे देवालाच ठाऊक, असं तिसऱ्या शतकात ओरिगेन या ख्रिस्ती पंडिताने म्हणून ठेवलंय.

भाषेचं सरळ सांगते. नवा करार ग्रीकमध्ये आहे, म्हणून ग्रीक टाळता येत नाही. संस्कृत झालेल्यांना विभक्ती आणि धातुरूपं फार छळत नाहीत. जुन्या करारासाठी हिब्रू लागते, आणि पुढे संशोधन करायचं तर जर्मन निदान वाचता यावी. पुण्यात ज्ञानदीप ही कॅथलिक धर्मशास्त्राची संस्था आहे. बंगालमधल्या सेरामपूरच्या सिनेटशी संलग्न संस्थांत बी.डी., एम.टीएच. या धर्मशास्त्रातल्या पदव्या करता येतात. ही शिक्षणं मुख्यतः धर्मसेवेसाठी घडवलेली आहेत, तेव्हा प्रवेशाआधी अभ्यासक्रम नीट वाचा. ब्रिटन-जर्मनीत हाच विषय विद्यापीठांतल्या विभागांत शिकवतात.

लेखक ठरला की काम संपलं असं नवख्यांना वाटतं. प्रभावाचा प्रश्न वेगळाच असतो. अमेरिकेतले धर्मचिंतक हॉवर्ड थर्मन यांची आजी गुलामगिरीत जन्मलेली. नातवाकडून ती बायबल वाचून घ्यायची, पण पौलाची पत्रं वाचू द्यायची नाही. करिंथकरांस पहिल्या पत्रातला प्रेमाचा अध्याय तेवढा कधीमधी चालायचा. कारण मालकाचा पाद्री ‘दासांनो, धन्यांच्या आज्ञेत राहा’ हेच वचन पौलाचं म्हणून पुन्हा पुन्हा ऐकवायचा. ही आज्ञा इफिसकरांस आणि कलस्सैकरांस पत्रांत आहे, म्हणजे वादग्रस्त सहांपैकी दोन पत्रांत! ती पौलाची नसेलही, पण मळ्यावरच्या माणसांनी ती पौलाच्याच नावाने सोसली. स्त्रीने शिकवू नये हे वाक्यही तीमथ्याच्या पहिल्या पत्रातलं.

प्रबंधाचा विषय शोधत असाल तर मराठीत जागा आहे. पंडिता रमाबाईंनी हिब्रू-ग्रीकवरून केलेलं संपूर्ण बायबल त्यांच्या निधनानंतर 1924 मध्ये निघालं. त्यातला तीमथ्य आणि इफिसकर त्याआधीच्या मराठी भाषांतरांशेजारी ठेवून ओळीने वाचा. ग्रीक कच्ची असली तर आधी फिलेमोन घ्या, 25 वचनांत संपतो.