किनाऱ्यावरून बेळगाव भागात आलेल्यांसाठी : सात समुद्र इथेच आहेत

वेंगुर्ला, मालवण, रत्नागिरीकडून बिऱ्हाड हलवून इकडे आलेल्या घरात पोरं पहिल्या आठवड्यातच विचारतात, ‘इथं समुद्र कुठं आहे?’ ‘नाही’ म्हणून मोकळे होऊ नका. त्यांना पुराणातले समुद्र सांगा. मी माझ्या मुलांना तेच सांगितले आणि सांगता सांगता मलाही हा मुलूख कळत गेला.

विष्णुपुराणात जंबुद्वीपाभोवती खाऱ्या पाण्याचा समुद्र आहे. त्यापलीकडच्या द्वीपाला उसाच्या रसाचा वेढा. मग मद्याचा, तुपाचा, दह्याचा, दुधाचा आणि सगळ्यात बाहेर गोड्या पाण्याचा. प्रत्येक द्वीप आधीच्याच्या दुप्पट आणि त्याचा समुद्रही त्याच्याएवढाच रुंद. भागवतात तर प्रियव्रत राजा सूर्यामागून रथ पळवतो आणि त्याच्या चाकांच्या चाकोऱ्यांतून हे सातही समुद्र होतात. ही गोष्ट मुलांना फार आवडते.

तुमची नोकरी निपाणी, चिकोडी, रायबागकडे असेल तर तुम्ही उसाच्या समुद्राकाठी उतरलात. दिवाळीच्या सुमाराला हंगाम सुरू झाला की दोन-दोन ट्रॉल्या जोडलेले ट्रॅक्टर रस्त्यावर येतात. रात्री त्यांच्या मागे दिवा असेलच असं नाही, म्हणून अंधारात मोटारसायकल जपून चालवा. पण त्याच दिवसांत मुलांना एखाद्या गुऱ्हाळावर जरूर न्या. चुलाणात चिपाडं घालत असतात, काहिलीत रस उकळत असतो. त्यात भेंडीचं पाणी पडलं की मळी वर येते आणि ती काढून टाकतात. मग रसाचा रंग बदलत जातो, बुडबुडे जड होतात आणि गुळव्या नुसत्या नजरेनं सांगतो की आता उतरवा. मागितलीत तर वाटीभर काकवीही मिळते. एकदा ते पाहिलं की उसाच्या रसाचा समुद्र पोरांना खोटा वाटत नाही.

मद्याच्या समुद्राबद्दल मला काही सांगायचं नाही. दही-तुपासाठी पाकिटापेक्षा गल्लीतला गवळी गाठा. दुधाचा समुद्र मात्र खास बेळगाव शहराचा. दूध आटवून त्यात खवा-साखर घालून, तपकिरी रंग येईपर्यंत परतलेला कुंदा इथं दसऱ्यालाही लागतो आणि पाहुण्याला निरोप देतानाही. शेजारी पहिल्यांदा चहाला जाल तेव्हा रिकाम्या हातानं जाऊ नका, पावशेर कुंदा न्या. वयानं मोठ्या शेजाऱ्याला अण्णा, बाईंना अक्का म्हणा. मराठी घर असो की कन्नड, दार लवकर उघडतं.

आणि कन्नड अक्षरं शिका, हे मी अगदी कळकळीनं सांगतो. वीजबिल, घरपट्टी, शेताचा उतारा, बसची पाटी, सगळं कन्नडमध्ये असतं. बोलणं मराठीत निभतं, पण कागद वाचायला दर वेळी कोण येणार? मुलं शाळेत शिकतातच, त्यांच्याबरोबर तुम्हीही संध्याकाळी पाटी घेऊन बसा.

गोड्या पाण्याचा समुद्र पाहायचा तर सौंदत्तीला जा. यल्लम्माच्या दर्शनाला जाल तेव्हा मलप्रभेवरच्या धरणाचं पाणीही बघून या. त्याचं नावच रेणुकासागर. ही मलप्रभा खानापूर तालुक्यात कणकुंबीला उगम पावते आणि पूर्वेला जाऊन कृष्णेला मिळते. म्हादईही त्याच तालुक्यातली, पण ती पश्चिमेला गोव्यातून अरबी समुद्रात जाते. एकाच तालुक्यात पडलेला पाऊस दोन वेगळ्या समुद्रांना जातो, हे मुलांना नकाशावर बोट ठेवून दाखवा. घर बघताना मात्र आधी विचारा की नळाला पाणी किती दिवसांनी येतं आणि टाकी केवढी आहे. शहराला राकसकोप आणि हिडकलचं पाणी येतं, तरी प्रत्येक भागाची वेळ वेगळी असते. घर खानापूरकडे घेत असाल तर छप्पर आणि भिंतींची ओल आधी बघा, तिकडचा पाऊस कोकणापेक्षा कमी समजू नका. अथणीकडे पाऊस थोडा, तिथं ताटात भातापेक्षा ज्वारीची भाकरी जास्त.

राहिला खारा समुद्र. तो रोज पहाटे घाट चढून येतो, कोकणातून आंबोलीनं आणि गोव्याकडून चोर्ल्यानं. मासे सकाळी लवकर घ्या, कल्ला उघडून लाल आहे का ते बघा, गावी बघत होतात तसंच. पावसाळ्यात मासेमारी बंद असते, तेव्हा मेअखेर गावाकडून कोणी येणार असेल तर सुके बांगडे आणि सोडे मागवून घ्या, बरणीत घालून झाकण घट्ट लावा आणि मधूनमधून ऊन दाखवा. इथल्या दमट हवेत ते लवकर खराब होतात.