चिकनच्या ट्रेखालचं पॅड: कधी काढायचं, कुठे टाकायचं

पॅकबंद चिकन उचललं की खाली एक ओलीगच्च, लालसर गादी चिकटून येते. ते शोषक पॅड. वर बारीक छिद्रांची पॉलिथिनची फिल्म, आत लाकडाच्या लगद्याचा कापूस, आणि काही पॅडमध्ये सोडियम पॉलिअक्रिलेटची भुकटी, म्हणजे डायपरमध्ये असते तीच. पाणी प्यायली की तिची जेली होते. हे पदार्थ विषारी नाहीत. लाल पाण्याला सगळे रक्त म्हणतात, पण ते स्नायूंतलं पाणी आणि मायोग्लोबिन नावाचं प्रथिन. साल्मोनेला, कॅम्पिलोबॅक्टरसारखे जंतू मात्र त्यात असू शकतात, म्हणून ओल्या पॅडला कच्च्या मांसासारखंच वागवा.

विकत घेताना ट्रे तिरपा करून बघा. पॅड ओलं असणं ठीक, पण पाणी पॅडबाहेर डचमळत असेल तर दुसरा ट्रे घ्या. फ्रोझन पाकिटाच्या कोपऱ्यात गुलाबी बर्फाचा गोळा दिसला, तर माल एकदा वितळून पुन्हा गोठलाय असं समजा. बर्फाच्या कणांनी पेशी फुटतात आणि पाणी जास्त सुटतं.

चिकन सगळ्यात शेवटी घ्या. एरवी कच्चं मांस फ्रिजबाहेर 2 तास चालतं, 32 अंशांच्या वर 1 तासच. नागपूरच्या मे महिन्यात पारा 45 च्या आसपास असतो, तेव्हा गाडीच्या डिकीत ठेवून आणखी दोन कामं उरकायची नाहीत. घरी आल्यावर ट्रे काठाच्या स्टीलच्या ताटात ठेवून फ्रिजच्या सर्वांत खालच्या कप्प्यात सरकवा, म्हणजे गळलंच तर सांभारावर (कोथिंबिरीवर) गळणार नाही. फ्रिज 4 अंशांवर किंवा त्याखाली असेल तर चिकन 1-2 दिवस आणि मटणाचे तुकडे 3-5 दिवस टिकतात. पाकिटावरची तारीख त्याआधीची असेल तर ती पाळा.

खरा घोळ होतो फ्रोझन पाकिटात. पॅड मांसाला गोठून चिकटतं, आणि घाईत तसंच गंजात (पातेल्यात) जातं. सुरीने उचकटू नका, फिल्म फाटते आणि लगदा मांसाला लागतो. आदल्या रात्री पाकीट फ्रिजमध्ये उतरवून ठेवा. तेवढा वेळ नसेल तर न गळणाऱ्या पन्नीत बांधून गार पाण्यात बुडवा आणि दर अर्ध्या तासाला पाणी बदला. अर्धा किलोला साधारण तासभर लागतो. उन्हाळ्यात छतावरच्या टाकीचं पाणी नळातूनच कढत येतं, त्यात बुडवलं तर वरचा थर कोमट होतो आणि जंतूंचं फावतं. तेव्हा फ्रिजचं नाहीतर माठाचं पाणी घ्या. पाण्यात वितळवलेलं मांस लगेच शिजवा. मायक्रोवेव्हमध्ये वितळवायचं असेल तर ट्रे आणि पॅड दोन्ही आधी काढा.

मॅरिनेशनही त्याच ट्रेमध्ये करू नका. दही आणि मसाला पॅडच पिऊन टाकतं.

तरीही पॅड शिजलंच तर? बाहेर काढून नीट बघा. अखंड असेल, वितळलेलं नसेल आणि वेगळा वास नसेल, तर पॅड टाका, रस्सा खाता येतो. फाटलं, वितळलं किंवा रश्श्यात लगदा-जेली दिसली तर भांडंभर सावजी असलं तरी ओतून द्या. जीव तुटतो, पण इलाज नाही. साधं पॉलिथिन साधारण 105 ते 115 अंशांना वितळतं. उकळत्या रश्श्यात पॅड तग धरू शकतं, पण प्रेशर कुकरमध्ये तापमान 120 च्या घरात जातं आणि तळणीच्या तेलात त्याहून बरंच वर. कच्च्या तुकड्यावर थोडी जेली लागली असेल तर कागदाने पुसा आणि तेवढा भाग कापून टाका. चिकन आतून 74 अंशांपर्यंत शिजलं पाहिजे.

चिकन नळाखाली धुवू नका, शिंतोडे ओटाभर उडतात. ओटा आणि सिंक आधी साबणाने धुवा, मग लिटरभर पाण्यात लहान चमचाभर साधं ब्लीच घालून फिरवा, 5-10 मिनिटं राहू द्या आणि पुसा. ॲसिड किंवा टॉयलेट क्लीनरसोबत ब्लीच कधीच मिसळू नका, विषारी वायू निघतो.

पॅड पिळू नका, धुऊन वापरू नका. प्लास्टिक असल्यामुळे ते खताच्या कुंडीतही चालत नाही. कागदात गुंडाळा, पन्नीत घट्ट गाठ मारा. वासाने मोकाट कुत्री पिशवी फाडतात, आणि कुत्र्याने पॅड गिळलं तर आतड्यात अडकू शकतं. कचरागाडी उद्या येणार असेल तर ती बांधलेली पन्नी रात्रभर फ्रीजरच्या कोपऱ्यात ठेवा, आणि सकाळी गाडीचा आवाज आला की बाहेर काढा.