डायकॉन मुळा लावताय? आधी हातभर खोल माती मोकळी करा

उन्हाची धग ओसरून पहाटे पांघरूण ओढावंसं वाटू लागलं, की डायकॉन मुळ्याचं बी टोकायला घ्या. डायकॉन या जपानी शब्दाचा अर्थच ‘मोठं मूळ’. लांब जातींचा मुळा 30 ते 45 सेंमीपर्यंत भरतो आणि त्याला पेरणीपासून साधारण 50 ते 70 दिवस लागतात. उगवताना थोडी ऊब चालते, पण मुळा पोसायच्या दिवसांत हवा 15 ते 20 अंश सेल्सिअसच्या आसपास असली तर तो रसाळ आणि गोडसर होतो. म्हणून कडाक्याची थंडी पडायच्या दोन-अडीच महिने आधी बी मातीत जाईल असा हिशेब धरा. थंडी सरता सरता लावायचा असेल तर मात्र उशिरा फुलणारी जातच घ्या. कोवळी रोपं गारठ्यातून गेली आणि पुढे दिवस मोठे होत गेले, की साधी जात मुळा भरायच्या आधीच फुलाचा दांडा काढते. एकदा दांडा निघाला की मुळा चिवट होत जातो, मग वाट पाहून काही मिळत नाही.

आता माती. या पिकाचं निम्मं काम पेरणीच्या आधीच होतं, आणि नेमका तिथेच बहुतेकांचा हात आखडतो. मुळा सुरुवातीला जाड होत नाही. पहिले दोन-तीन आठवडे त्याचं दोऱ्याएवढं सोटमूळ सरळ खाली उतरत असतं, जाडी नंतर त्याच वाटेवर भरते. या दिवसांत मुळाचं टोक खड्यावर अडलं, ढेकळात अडकलं किंवा कच्च्या शेणखताने करपलं, की मूळ तिथेच फाटे फोडतं आणि मुळ्याला दोन-तीन पाय फुटतात. वर पाला तजेलदार असतो, त्यामुळे उपटेपर्यंत पत्ताही लागत नाही.

माझ्या एका वाफ्यात सलग पाच-सहा मुळे असे दुभंगलेले निघाले. खणून पाहिलं तर वीतभर खाली जुन्या पायवाटेची खडी दाबलेली होती, वरची माती मात्र हाताने उकरता येईल इतकी मऊ. तेव्हापासून वाफा तयार झाला की मी बोटाएवढी जाड सळई हातानेच चार-पाच ठिकाणी खुपसून बघतो. हातभर, म्हणजे सुमारे 45 सेंमी, ती अडखळल्याशिवाय गेली तरच बी टोकायचं. माती खालून घट्ट असेल तर 25 ते 30 सेंमी उंच गादीवाफा करा, किंवा सरळ आखूड अथवा गोल जात निवडा. कुंडीत लावायचं असेल तर तीही हातभर खोल हवी.

शेणखत पूर्ण कुजलेलंच घाला, तेही पेरणीच्या तीन-चार आठवडे आधी. नत्र जास्त झालं तर पाला माजतो आणि मुळा बारीक राहतो, तेव्हा युरियाचा मोह टाळा. मातीचा सामू (पीएच, म्हणजे आम्लता मोजायचा आकडा) 6 ते 7 च्या दरम्यान असावा. कोबी, मोहरी, नवलकोल ही मुळ्याचीच भावंडं. ती ज्या वाफ्यात नुकती होऊन गेली तिथे मुळा घेऊ नका.

मुळ्याचं रोप करून लावू नये. उपटून लावताना सोटमूळ दुखावतं आणि फाटे फुटतात. बी जागेवरच टोका: एक ते दीड सेंमी खोल, 20 ते 25 सेंमीवर एकेक ठिकाण, प्रत्येक ठिकाणी तीन बिया, दोन ओळींत 40 सेंमी अंतर. चार-सहा दिवसांत उगवण दिसते.

विरळणी करताना जीव तुटतो, तरी ती करावीच लागते. पहिल्या फेरीत बदामाच्या आकाराची, दोन्ही सारखी दलपत्रं, म्हणजे बीतून निघणारी पहिली दोन पानं, असलेली रोपं ठेवा आणि वेडीवाकडी काढा. पाच-सहा खरी पानं आली की एकेका ठिकाणी एकच रोप राहू द्या. जादा रोप उपटू नका, कात्रीने मातीलगत कापा, म्हणजे शेजारच्याचं मूळ हलत नाही. याच सुमाराला रोपाच्या मानेची साल उभी तडकलेली दिसेल. घाबरू नका, आतला मुळा फुगायला लागल्याची ती खूण आहे. हलकी मातीची भर द्या, म्हणजे रोप कलंडत नाही.

पाणी सारखं हवं. माती सुकू द्यायची आणि मग एकदम भरपूर पाणी द्यायचं, असं केलं की मुळा उभा चिरतो. सतत ताण बसला तर तिखट आणि दडस होतो.

पिसूभुंगे कोवळ्या पानांना बारीक भोकं पाडतात. पेरल्या दिवसापासून वाफ्यावर बारीक जाळी ताणणं हा त्यावरचा सगळ्यात भरवशाचा उपाय. मावा दिसला तर पानांच्या खालून पाण्याचा जोरदार फवारा मारा.

आता काढणी. मधली पानं उभी आणि बाहेरची पसरून खाली झुकली, मातीवर आलेला खांदा 6 ते 8 सेंमी जाड झाला, की एक मुळा काढून बघा. त्याआधी एक सोपी तपासणी करता येते. बाहेरचं एक पान बुडापासून दोन-तीन सेंमीवर आडवं कापा आणि देठाचा काप पाहा. तो भरीव, ओलसर हिरवा असेल तर मुळाही आतून भरीव असतो. देठ मधे पांढरा, स्पंजासारखा किंवा पोकळ झाला असेल तर मुळ्यातही पोकळी धरू लागली आहे, सगळा वाफा त्याच आठवड्यात काढा. मोठा होईल म्हणून ठेवलेला मुळा वजनाला भरतो, खायला नाही.

आदल्या दिवशी पाणी द्या. लांब मुळ्याच्या बाजूने, जरा अंतर राखून, खुरपं किंवा काटेफावडा खोल घालून माती सैल करा, मग पानं बुडाशी दोन्ही हातांनी धरून सरळ वर ओढा. तिरकं ओढलं की टोक मातीतच राहतं.

काढल्या काढल्या पाला वेगळा करा, कारण पानं मुळ्यातलं पाणी ओढून घेतात आणि दोन दिवसांत तो लुळा पडतो. पाला कोवळा असेल तर भाजीला घ्या. मुळा ओल्या कापडात गुंडाळून थंड जागी ठेवला तर दोन-तीन आठवडे सहज टिकतो. चिरताना लक्षात ठेवा, खांद्याकडचा भाग गोडसर आणि टोकाकडचा तिखट असतो, त्यामुळे कच्चा खायला वरचा घ्या. चुकून एखाद्या रोपाला दांडा निघालाच असेल तर ते उपटू नका. फुलं झडली की डिंगऱ्या, म्हणजे मुळ्याच्या शेंगा, लागतील, त्या पेन्सिलीपेक्षा बारीक आणि कोवळ्या असतानाच तोडा.