रेशनचं धान्य पूर्ण मिळवायचं तर: बारा अंकी नोंदीपासून पावतीपर्यंत

हातातलं रेशन कार्ड वेगळं आणि ऑनलाइन असलेली तुमची नोंद वेगळी. धान्य मिळतं ते नोंदीवर. कार्डात शाईनं सात नावं लिहिलेली असली आणि दुकानातल्या मशीनवर पाचच दिसत असली, तर पाचांचंच धान्य निघणार. दुकानदाराशी वाद घालून त्यात फरक पडत नाही, कारण आकडा मशीन ठरवतं.

म्हणून आधी नोंद तपासा. जुन्या पावतीवर 12 अंकी कार्ड क्रमांक छापलेला असतो. महाईपॉस संकेतस्थळावर तो टाकला की घरातली माणसं, योजना आणि या महिन्यात किती धान्य उचललं, ते दिसतं. तुम्ही दुकानात गेलाच नाहीत आणि तिथं धान्य उचललेलं दिसलं, तर त्या पानाचा फोटो लगेच काढून ठेवा.

नंतर योजना बघा. अंत्योदय, म्हणजे सर्वांत गरीब कुटुंबांच्या, कार्डाला महिन्याला 35 किलो, घरात माणसं दोन असोत वा आठ. प्राधान्य कुटुंबाला माणशी 5 किलो. गहू-तांदळाचं प्रमाण अधूनमधून बदलतं, पण एकूण वजन तेवढंच राहतं. जानेवारी 2023 पासून हे धान्य मोफत आहे. अंत्योदयची साखर मात्र विकत घ्यावी लागते.

केशरी कार्ड आहे म्हणजे धान्य मिळणारच, हा समज घरोघरी आहे आणि त्यापायी लोकांचे हेलपाटे होतात. केशरी कार्डांपैकी काहीच प्राधान्य यादीत आहेत. त्यासाठी वार्षिक उत्पन्नाची मर्यादा शहरात 59,000 आणि ग्रामीण भागात 44,000 रुपये आहे. मर्यादेत बसलात तरी इष्टांक, म्हणजे ठरवून दिलेली लाभार्थ्यांची संख्या, भरलेला असेल तर थांबावं लागतं. बाळाचं किंवा सुनेचं नाव चढवलं की तहसीलच्या पुरवठा शाखेत स्पष्ट विचारा, "नाव कार्डात चढलं, पण अन्नसुरक्षेत, म्हणजे धान्य मिळणाऱ्यांच्या यादीत, घेतलं का?" सुनेसाठी माहेरच्या कार्डातून नाव कमी केल्याचा दाखला आधी आणा. एक आधार दोन कार्डांवर चालत नाही.

धान्याऐवजी खात्यात रोख रक्कम देण्याची योजना मराठवाडा, अमरावती विभाग आणि वर्धा मिळून 14 जिल्ह्यांतल्या केशरी कार्डधारक शेतकऱ्यांसाठी आहे. आपला कोल्हापूर जिल्हा तिच्यात नाही. त्या नावानं कुणी फॉर्म आणि पैसे गोळा करत असेल, तर देऊ नका.

ई-केवायसी, म्हणजे आधारवरून ओळख पटवणं, कार्डावरच्या प्रत्येकाची करावी लागते, एकट्या कुटुंबप्रमुखाची करून भागत नाही. दुकानातल्या मशीनवर ती होते किंवा 'मेरा ई-केवायसी' अ‍ॅपवर चेहरा दाखवून घरीही होते. त्यासाठी फोनात 'आधार फेस आरडी' हे दुसरं अ‍ॅपही लागतं, आणि आधारला जोडलेल्या मोबाइलवर ओटीपी येतो. चेहऱ्यावर समोरून उजेड पडेल असं उभं राहा, खिडकी पाठीमागं नको. शेवटी स्टेटससमोर 'वाय' (Y, म्हणजे हो) दिसलं की काम झालं. मुलांचं अडतं ते बहुतेक वेळा आधारमुळे. पाच वर्षांच्या आत काढलेल्या आधारला बोटांचे ठसे नसतात. ते पाच वर्षं पूर्ण झाल्यावर द्यायचे आणि पंधराव्या वर्षी पुन्हा नव्यानं द्यायचे असतात.

थम, म्हणजे अंगठ्याचा ठसा, न लागणं ही आपल्याकडची मोठी अडचण. ऊसतोड, शिरोली एमआयडीसीतल्या फौंड्रीतलं मोल्डिंग, भांडी-धुणी, नाहीतर नुसतं वय. यांनी बोटांच्या रेषा झिजतात. हात साबणानं धुवून पूर्ण कोरडे करा. कातडी भेगाळली असेल तर आदल्या रात्री तेल चोळा, पण सकाळी ते पुसून काढा, कारण तेलकट बोट मशीन वाचत नाही. अंगठा लागला नाही तर दुसरी बोटं लावून बघा. कार्डावरच्या कुणाही एकाचा ठसा लागला तरी सगळ्या घराचं धान्य निघतं, त्यामुळे आजीला रांगेत उभं करायची गरज नाही. तरीही जमलं नाही, तर डोळ्यांचं स्कॅनर किंवा ओटीपीची सोय मागा आणि सवडीनं आधार केंद्रात ठसे नव्यानं द्या.

वजन करताना पिशवी आधी रिकामी ठेवून काटा शून्यावर आणायला सांगा, मग धान्य ओतू द्या. मशीनची पावती घेऊनच बाहेर पडा. पाच माणसांच्या प्राधान्य कार्डाला गहू-तांदळाची बेरीज 25 भरली पाहिजे. पावतीवर 25 आणि पिशवीत 23 असेल, तर तिथंच बोला. घरी गेल्यावर ते सिद्ध करता येत नाही. कार्ड दुकानात ठेवून येऊ नका, ते ठेवून घ्यायचा दुकानदाराला अधिकार नाही. महिना संपला की त्या महिन्याचा हक्क बुडतो, मुदतवाढ जाहीर झाली तरच मागचं धान्य मिळतं. सलग सहा महिने धान्य उचललं नाही तर कार्ड निष्क्रिय होऊ शकतं.

बीडहून ऊसतोडीला आलेल्या कुटुंबांना हे कुणीतरी जाऊन सांगायला हवं: त्यांचं धान्य इथंही मिळतं. शिरोळ असो वा कागल, जवळच्या कोणत्याही रेशन दुकानात 12 अंकी क्रमांक किंवा आधार सांगून थम द्यायचा. गावी म्हातारी माणसं असतील तर वाट्याचं थोडं इथं, उरलेलं तिथं, असंही उचलता येतं. निपाणीकडून कामाला येणाऱ्यांचं कर्नाटकातलं कार्डही असंच चालतं.

दुकानदार नाही म्हणाला, तर 1967 या टोल फ्री क्रमांकावर तक्रार नोंदवा किंवा तहसीलदारांकडे लेखी द्या. कार्ड क्रमांक, दुकान क्रमांक, तारीख आणि पावतीचा फोटो जोडा. तक्रार अर्जाच्या दोन प्रती न्या आणि आपल्या प्रतीवर आवकचा, म्हणजे अर्ज मिळाल्याचा, शिक्का घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका.