करार एक सांगतो, पॉलिसी दुसरेच: जबाबदारीच्या कलमांतील या चुका टाळा

काम हातात आले की करारावर घाईने सही होते आणि ‘विमा आहेच की’ असे म्हणून सगळे निर्धास्त होतात. घोटाळ्याची सुरुवात इथेच होते. करार तुमच्यावर जबाबदारी टाकतो. पॉलिसी त्यातली ठरावीक जबाबदारीच उचलते. मधली तफावत तुमच्या खिशातून भरावी लागते. म्हणून सहीच्या आधी दोन्ही कागद शेजारी शेजारी ठेवून वाचा. पॉलिसीचे फक्त पहिले पान वाचून भागत नाही. व्याख्या, अपवाद आणि एंडोर्समेंट (मूळ पॉलिसीत बदल करणाऱ्या पुरवण्या) ही पानेही समोर हवीत.

भरपाईचे कलम जसेच्या तसे मान्य करणे

सर्वांत महागात पडणारी चूक हीच. कलम बहुधा असे असते: ‘कामातून उद्भवणाऱ्या किंवा कामाशी संबंधित कोणत्याही नुकसानीची भरपाई कंत्राटदार करील.’ यातला ‘संबंधित’ हा शब्द नीट पाहा. समजा, रंगकामासाठी मालकाने स्वतःची शिडी दिली. तिचा खिळखिळा पाय त्याला माहीत होता, पण त्याने सांगितले नाही. शिडी घसरली आणि खालून जाणारा माणूस जखमी झाला. दोष पाहायला गेले तर तो मुख्यतः मालकाचा. पण अपघात ‘कामाशी संबंधित’ आहे, त्यामुळे करारानुसार पैसे तुम्ही भरायचे.

विमा कंपनीकडे गेलात तर ती अपवादांच्या पानावर बोट ठेवते. करार नसता तरी जी जबाबदारी तुमच्यावर आली असती ती विम्यात. केवळ कराराने अंगावर घेतलेली विम्याबाहेर, असा हा अपवाद बहुतेक दायित्व पॉलिसींत, म्हणजे इतरांच्या नुकसानीची तुमच्यावर येणारी जबाबदारी उचलणाऱ्या पॉलिसींत, असतो. काही पॉलिसी ठरावीक प्रकारच्या करारांना त्यातून सूट देतात. आपला करार त्या व्याख्येत बसतो का, हे विमा कंपनीकडून लेखी घ्या; एजंटने फोनवर दिलेला होकार क्लेमच्या वेळी कामाला येत नाही.

कलम बदलायला सांगताना संकोच करू नका. ‘आमच्या किंवा आमच्या माणसांच्या निष्काळजीपणामुळे, आणि तो जितका कारणीभूत असेल तितक्याच प्रमाणात’ एवढे शब्द आले की कलम बरेचसे पॉलिसीच्या मापात येते. ‘भरपाई करील’च्या जोडीला ‘बचाव करील’ असेही लिहिले असेल तर जास्त सावध व्हा. भरपाईचा प्रश्न दोष ठरल्यावर येतो, पण बचावाचा खर्च समोरच्यावर दावा लागला त्या दिवसापासून तुमच्या माथी येऊ शकतो. शेवटी तुमची चूक नव्हती असे ठरले, तरीही.

स्वतःचे बिघडलेले काम विम्यात धरणे

पाइपचा जोड नीट बसला नाही, रात्रभर पाणी गळले आणि लाकडी फरशी फुगली. फरशीचे नुकसान दायित्व विम्यात येऊ शकते. तो जोड पुन्हा करण्याचा खर्च मात्र सहसा येत नाही, कारण ते तुमचेच काम आहे. उशिराबद्दल रोजच्या हिशेबाने ठरलेला दंड आणि ‘इतके उत्पादन निघेलच’ अशी हमी यांचेही तेच. या गोष्टी करारात असतील तर त्यांची तरतूद कामाच्या दरातच करा.

मर्यादेचे कलम अर्धवट ठेवणे

‘आमची एकूण जबाबदारी कराराच्या रकमेइतकी’ असे लिहून घेतले की काम संपले, असे वाटते. मग भरपाईचे कलम या मर्यादेच्या आत आहे की बाहेर? स्पष्ट लिहिले नसेल तर भांडणाला तोंड फुटते. ‘अप्रत्यक्ष नुकसान वगळले आहे’ या वाक्यावरही फार विसंबू नका. इंग्लंडमधल्या 1854 च्या हॅडली विरुद्ध बॅक्सेंडेल खटल्यात गिरणीचा मोडलेला दांडा नव्या दांड्याच्या नमुन्यासाठी पाठवला होता. वाहतूकदाराने उशीर केला आणि गिरणी बंद राहिली. गिरणीमालकाला बुडालेला नफा मिळाला नाही, कारण अशी हानी नेहमीच्या ओघात होणारी नव्हती आणि त्या खास परिस्थितीची पुरेशी कल्पना वाहतूकदाराला दिलेली नव्हती. यावरून ‘नफ्यातली तूट म्हणजे अप्रत्यक्षच’ असा समज करून घेणे चूक आहे. उशिराने नफा बुडणार हे सही करताना दोघांनाही ठाऊक असेल, तर ती तूट तुमच्याकडून वसूल होऊ शकते. ‘बुडालेला नफा’ वगळायचा असेल तर तेच शब्द लिहा.

आकडा पाहणे, पण कशाचा ते न पाहणे

विम्याची मर्यादा 100 आहे असे धरा. ती प्रत्येक घटनेला आहे की वर्षभराच्या सगळ्या घटनांना मिळून? वकिलांचा खर्च तिच्यातूनच जातो का? दोन्ही बाबतींत उत्तर वाईट असेल, तर 60 ची तडजोड आणि 25 चा वकील खर्च झाल्यावर उरलेल्या वर्षासाठी 15 च शिल्लक. तुमच्या करारात मात्र ‘100 चा विमा कायम ठेवीन’ असे वचन आहे, म्हणजे आता करारभंगही झाला. डिडक्टिबल, म्हणजे नुकसानीतली तुम्ही स्वतः सोसायची रक्कम, बहुधा दर घटनेला नव्याने भरावी लागते; ती वेगळी काढून ठेवा.

प्रमाणपत्रावर विसंबणे

उपकंत्राटदाराने विम्याचे प्रमाणपत्र दिले म्हणून तुम्हाला संरक्षण मिळत नाही. अतिरिक्त विमाधारक म्हणून तुमचे नाव घालणाऱ्या एंडोर्समेंटची प्रत मागा. उलट बाजूने, विमा कंपनीचा वसुलीचा हक्क (दिलेली भरपाई खऱ्या जबाबदार माणसाकडून परत मिळवण्याचा) सोडून देणारे कलम करारात असेल तर सहीच्या आधी कंपनीला कळवून संमती घ्या.

तारखांचा घोळ

व्यावसायिक चुकांचा विमा बहुधा ‘क्लेम्स मेड’ पद्धतीचा असतो. चूक झाली तेव्हाची नव्हे, दावा आला तेव्हाची पॉलिसी लागू होते. चूक 2021 ची, 2023 मध्ये कंपनी बदलली, नव्या पॉलिसीची रेट्रोॲक्टिव्ह तारीखही (जिच्या आधीच्या चुका विम्यात येत नाहीत ती) 2023 ची आणि दावा 2024 मध्ये आला, तर जुनी संपलेली आणि नवी मागे जात नाही. दोन्हीकडे हप्ते भरूनही हाती काही नाही. कंपनी बदलताना जुनी रेट्रोॲक्टिव्ह तारीख कायम ठेवून घ्या. व्यवसाय बंद करत असाल तर पुढच्या काही वर्षांसाठी रन-ऑफ संरक्षण, म्हणजे जुन्या कामावर नंतर येणाऱ्या दाव्यांसाठीचा विमा, घ्या.

तक्रार आली की घाईने कबुली देणे

जखमीला मदत करा, गळती थांबवा, नुकसान वाढू देऊ नका. पण ‘चूक आमचीच, भरून देतो’ असे लिहू नका आणि परस्पर पैसे देऊ नका. विमा कंपनीच्या संमतीविना दिलेली कबुली किंवा तडजोड क्लेम नाकारायला कारण ठरू शकते. इतकेच कळवा: ‘आपले पत्र मिळाले. माहिती घेत आहोत. तोपर्यंत जबाबदारीबद्दल आम्ही काही मान्य वा अमान्य करत नाही.’

त्याच दिवशी विमा कंपनीला लेखी कळवा: काय झाले, कधी, कुठे, कोणाचे नुकसान, कोणत्या करारातील काम. सोबत कराराची प्रत, आलेले पत्र आणि तारखेसह फोटो जोडा. तुटलेला भाग फेकू नका, पिशवीत घालून त्यावर तारीख लिहा. अजून दावा आलेला नसेल पण ग्राहकाचा सूर बदलला असेल, तर तीही परिस्थिती नूतनीकरणाच्या आधी कळवा. तशी तरतूद असलेल्या पॉलिसीत पुढे येणारा दावा चालू पॉलिसीतच धरला जातो. नूतनीकरणाच्या अर्जात तीच गोष्ट लपवली, तर नव्या पॉलिसीचाही आधार जाऊ शकतो.