दगडी ग्रहावर हवा आहे का, हे कसं तपासायचं? ट्रॅपिस्ट-१ बी घेऊन करून बघू

पहिली गोष्ट, सुरुवातीलाच वायू शोधायला जाऊ नका, आधी ग्रहाचं तापमान काढा. बहुतेक जण उलटं करतात. ग्रह ताऱ्यासमोरून जातो तेव्हा त्याच्या हवेतून गाळून आलेला प्रकाश तपासायचा आणि त्यात पाणी, मिथेन शोधायचं, हा रस्ता सगळ्यांना माहीत आहे आणि गुरूसारख्या मोठ्या गरम ग्रहांना तो मस्त चालतो, कारण त्यांची हायड्रोजनची हवा फुगलेली असते. दगडी ग्रहाची हवा जड असते म्हणून पातळ थरात चिकटून बसते. आपल्या पृथ्वीचंच घ्या ना, हवेचा दाब दर साडेआठ किमीला जवळपास तिसऱ्या हिश्श्यावर येतो, आणि सूर्यासमोरून जाणारी पृथ्वी कोणी लांबून बघितली तर या हवेमुळे सूर्यप्रकाशात फरक पडणार दहा लाखात एखाद्या भागाचा. म्हणून तारा छोटा निवडायचा. ट्रॅपिस्ट-१ सूर्याच्या जेमतेम १२ टक्के रुंदीचा आहे, तिथे तोच फरक साधारण सत्तरपट होतो. ४० प्रकाशवर्षांवर, कुंभ राशीत, सात दगडी ग्रह, आपला बी त्यातलाच एक, यापेक्षा चांगली जागा सरावाला नाही.

पण छोट्या लाल ताऱ्यांवर डाग असतात आणि ते डाग इतके थंड असतात की ताऱ्यावरच पाण्याची वाफ टिकते! म्हणजे तुम्हाला पाणी दिसलं तर ते ग्रहाचं का ताऱ्याचं हे कळणार कसं? जीजे ११३२ बी या ग्रहाची जेम्स वेब अवकाश दुर्बिणीने दोन ट्रान्झिट (म्हणजे ताऱ्यासमोरून जाणं) बघितली, एकात वायू असल्यासारखं दिसलं, दुसऱ्यात सपाट रेघ. ग्रह तोच, दुर्बीण तीच. म्हणून एका ट्रान्झिटवर विश्वास ठेवू नका, कितीही छान दिसलं तरी.

आता तापमानाकडे. ग्रह ताऱ्याच्या मागे लपतो तेव्हा फक्त ताऱ्याचा प्रकाश उरतो. लपायच्या आधीच्या प्रकाशातून तो वजा केला की राहतो तो ग्रहाच्या दिवसाच्या बाजूचा. हवा असेल तर वारे ती उष्णता रात्रीच्या बाजूला नेतात आणि दिवसाची बाजू थोडी निवते, हवा नसेल तर तापलेल्या तव्यासारखी सगळी उष्णता तिथेच. बस, एवढंच तपासायचंय.

आधी कागदावर दोन आकडे काढून ठेवा, डेटा उघडायच्या आधी, नाहीतर मन हवं ते बघायला लागतं. ट्रॅपिस्ट-१ ताऱ्याचं तापमान २५६६ केल्व्हिन. बी ग्रह ताऱ्यापासून किती लांब, तर ताऱ्याच्या त्रिज्येच्या २०.८ पट. त्या २०.८ चं वर्गमूळ काढून २५६६ ला भागा, येतात साधारण ५६३. त्याला ०.९०४ ने गुणलं की उघड्या काळ्या खडकाचं तापमान, ५०८ केल्व्हिन. ०.७०७ ने गुणलं की उष्णता सगळीकडे सारखी वाटणारी हवा, साधारण ४०० केल्व्हिन. शंभर अंशांचा फरक आहे, तो मोजता येतो.

मग जेम्स वेबच्या मिरी कॅमेऱ्याचा १५ मायक्रॉन तरंगलांबीचा (अवरक्त प्रकाशाचा) डेटा घ्या, मास्ट नावाच्या अर्काइव्हमधून फुकट उतरवता येतो. १५ मायक्रॉनच का, तर कार्बन डायऑक्साइड नेमका तिथे प्रकाश शोषतो, त्यामुळे तो वायू असेल तर साधारणपणे ग्रह अजूनच फिका दिसतो. निरीक्षणाच्या सुरुवातीला डिटेक्टर स्थिरावायला वेळ घेतो आणि आलेखात एक उतार दिसतो, तो भाग कापा, उरलेल्या उताराला साधी रेषा बसवून काढून टाका. ग्रहाची फेरी १.५१ दिवसांची, म्हणून ट्रान्झिटनंतर साधारण १८ तासांनी तो मागे लपणार आणि सुमारे ३६ मिनिटं लपलेला राहणार, प्रकाश कमी झाल्याचा खड्डा तिथेच शोधा. एका वेळी तो जेमतेमच दिसतो, निराश होऊ नका, पाच वेळा घेतलेली निरीक्षणं एकावर एक ठेवली की मग तो खड्डा ठळक होतो.

२०२३ मध्ये जाहीर झालेल्या मोजणीत हा खड्डा दहा लाखात ८६१ भागांचा निघाला, चूक ९९ इकडे तिकडे, म्हणजे सुमारे ५०३ केल्व्हिन. आपण कागदावर काढलेल्या ५०८ शेजारी ठेवून बघा! पहिल्यांदा हे गणित जुळलं तेव्हा मी कितीतरी वेळ त्या दोन आकड्यांकडे बघत बसलो होतो.

तरी लगेच उघडा खडक म्हणून शिक्का मारू नका. नंतर १२.८ मायक्रॉनलाही मोजलं गेलं आणि असं निघालं की वरच्या थरात धूरकट धुकं आणि खाली कार्बन डायऑक्साइड असलेली हवा असेल, वरचा थर तापत असेल, तरी हेच आकडे येऊ शकतात. म्हणून कमीत कमी दोन तरंगलांब्या घ्या. आणि शेजारचा सी ग्रहही करून बघा, तिथे खडकासाठी ४३० च्या आसपास, वाटलेल्या उष्णतेसाठी ३४०, आणि मोजलेलं ३८०, चूक ३१. बरोब्बर मधोमध. शुक्रासारखी जाड हवा तिथे नाही एवढं म्हणता येतं, पातळ हवा आहे का नाही ते नाही म्हणता येत, आणि लिहितानाही एवढंच लिहायचं.

हात बसला की पूर्ण फेरीभरच्या प्रकाशाचा आलेख घ्या, त्यात रात्रीची बाजूही कळते. एलएचएस ३८४४ बी या ग्रहावर स्पिट्झर दुर्बिणीने हेच केलं, दिवसाची बाजू हजार केल्व्हिनच्या वर आणि रात्रीकडून उष्णतेचा मागमूस नाही, म्हणजे जाड हवा बाद. याच्या उलट ५५ कॅन्क्री ई हा ग्रह, तिथे दिवसाची बाजू अपेक्षेपेक्षा बरीच थंड निघाली, म्हणून २०२४ पासून तिथे हवा असावी असं म्हणतात.

नवीन काही करायचं असेल तर रॉकी वर्ल्ड्स मोहिमेचा डेटा बघा, जेम्स वेबचे ५०० तास याच कामाला दिलेत, पहिल्या ग्रहांमध्ये जीजे ३९२९ बी आहे. त्याच्या ताऱ्याचं तापमान आणि अंतर शोधून आधी ते दोन आकडे कागदावर काढा.