खगोलशास्त्रात यायचंय? आधी एम 87 गाठा

फिजिक्सला नुकतीच आलेली पोरं खगोलशास्त्राबद्दल विचारतात तेव्हा मोबाईलवर सर्पिल दीर्घिकांचे (गॅलेक्सींचे) झकास फोटो दाखवतात. मी त्यांना एम 87 या लंबवर्तुळाकार दीर्घिकेच्या नादाला लावतो. तिला फाटे नाहीत, नवे तारे जन्मणं जवळपास थांबलेलं, नुसता म्हाताऱ्या तांबूस ताऱ्यांचा गोळा. बघण्यासारखं फारसं नसल्यामुळे पोरं लवकर मोजमापाकडे वळतात.

गुढीपाडव्याच्या आसपासची रात्र धरा. चंद्राचा त्रास नसतो आणि एम 87 जिथं आहे ती कन्या रास मध्यरात्रीच्या सुमारास डोक्यावर येते. (जोतिबाची चैत्र यात्रा पौर्णिमेला, म्हणजे या कामाला बाद.) कोल्हापूर शहरातल्या उजेडात नाद सोडा, पन्हाळ्याच्या पुढे मसाई पठाराकडे जा. खाली कुणी उसाचं पाचट पेटवलं असेल तर मात्र धुरात सगळं जातं. उत्तरा फाल्गुनी आणि विंडेमिॲट्रिक्स या ताऱ्यांच्या साधारण मध्यावर ही दीर्घिका शोधा. आपल्या अक्षांशावरून एम 87 जवळपास थेट माथ्यावरून जाते आणि डॉब्सोनियन (साध्या फिरत्या बैठकीवरची) दुर्बीण नेमकी तिथंच फिरवायला अवघड, म्हणून तास-दीड तास आधीच बघून घ्या. सहा-आठ इंची दुर्बिणीत पुसट गोल डाग दिसतो, मधे जरा उजळ. रोखून बघितलं की विरतो, नजर किंचित बाजूला नेली की पुन्हा वर येतो. तो प्रकाश साधारण साडेपाच कोटी वर्षांपूर्वी निघालेला आहे. हेबर कर्टिस यांना 1918 साली याच दीर्घिकेच्या केंद्रातून निघालेली सरळ रेघ फोटोत दिसली, तो तिच्या केंद्रातून वेगानं बाहेर फेकल्या जाणाऱ्या पदार्थाचा झोत. 2019 मध्ये कृष्णविवराची पहिली प्रतिमा आली तीही इथलीच. त्या कृष्णविवराचं वस्तुमान सुमारे 650 कोटी सूर्यांएवढं. आपल्या दुर्बिणीत यातलं काही दिसणार नाही, आधीच सांगून ठेवतो.

खरं काम घरी. स्लोअन या आकाशाच्या सर्वेक्षणाच्या फिट्स फाइल्स (खगोलशास्त्रातले फोटो याच प्रकारात साठवतात) फुकट मिळतात. पायथनमध्ये उघडून समान तेजाच्या रेषांवर लंबवर्तुळं बसवा. लहान अक्ष भागिले मोठा अक्ष, ते एकातून वजा, गुणिले दहा: गुणोत्तर 0.5 असेल तर हबलच्या वर्गीकरणात ई5. हा आकडा फक्त आपल्या बाजूनं दिसणाऱ्या आकाराचा. लांबट गोळा टोकाकडून बघितला तर तोही ई0, म्हणजे गोलच दिसतो. मग या लंबवर्तुळांपासून बनलेलं मॉडेल मूळ फोटोतून वजा करा. उरलेल्या चित्रात कधी धुळीचा पट्टा निघतो, कधी गिळलेल्या छोट्या दीर्घिकेचे अवशेष. मी या विषयात अडकलो तो इथं! आकाशाचा पार्श्वउजेड नीट काढला नाही तर बाहेरची कड खोटी येते, तेवढं सांभाळा.

बाकी वाट ठरलेली: एम.एस्सी.साठी जॅम, पीएच.डी.साठी नेट किंवा जेस्ट, या प्रवेशपरीक्षा. घरचे नोकरीचं विचारतीलच. कायमच्या जागा थोड्या आहेत, हे लपवू नका. कोल्हापुरात जन्मलेल्या जयंत नारळीकरांनी पुण्यात उभी केलेली आयुका ही खगोलसंशोधन संस्था जवळच आहे, तिथल्या सुट्टीतल्या विद्यार्थी उपक्रमांवर लक्ष ठेवा. अर्जात ‘लहानपणापासून ताऱ्यांची आवड’ असलं काही लिहू नका. वजा करून उरलेलं चित्र आणि तुमचा कोड जोडा.